गावाकडच्या पोरपणाची पुस्तकं: गडी होण्याचा हिशेब

खेड्यात वाढलेल्या मुलाची गोष्ट सांगणारी मराठी पुस्तकं सहसा दोन तऱ्हांनी वाचली जातात. कुणी हळहळतो, "काय हाल काढले हो पोरानं!" कुणी सुस्कारा टाकतो, "तसं गाव आता राहिलं नाही." दोघांच्याही हातून निसटतं ते या पुस्तकांतलं काम. पानंच्या पानं मोट, नांगर, गुरं, गुऱ्हाळ, पेरणी यांनी भरलेली असतात आणि शहरी वाचक ती 'वातावरणनिर्मिती' समजून भराभर उलटतो. खरी गोष्ट तिथंच चाललेली असते. मुलगा बाप्या कधी झाला, हे या पुस्तकांत मिसरूड फुटण्यावरून ठरत नाही. त्याच्या हाती कोणतं काम दिलं गेलं यावरून ठरतं. आणि कोणतं काम कधी द्यायचं, हे विहिरीला पाणी किती खोल, दावणीला बैल किती आणि जमीन कुणाची यावर ठरतं. हा हिशेब डोक्यात असला की बाप इतका कठोर का, शाळा नेमकी का सुटते आणि अंगानं दांडगा गडीसुद्धा गावात बिनवजनाचा का राहतो, हे उलगडायला लागतं.

मोटेचं गणित

सुरुवात आनंद यादवांच्या 'झोंबी'पासून (1987) करणं सोयीचं. कोल्हापूरजवळच्या कागलच्या एका कुळाच्या, म्हणजे दुसऱ्याची जमीन खंडानं कसणाऱ्याच्या, पोराची ही आत्मचरित्रात्मक कादंबरी. तिला 1990 मध्ये साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. 'नांगरणी', 'घरभिंती' आणि 'काचवेल' हे तिचे पुढचे भाग. तिचा एक तुकडा 'जूझ' या नावानं एनसीईआरटीच्या बारावीच्या हिंदी पूरक पुस्तकात आहे, म्हणून ज्यांना कागल नकाशावर सापडणार नाही अशी उत्तरेतली मुलंही या पोराला ओळखतात.

या पुस्तकातला मुलगा सतत पाणी पाजत असतो. ते काम कसं चालतं हे माहीत नसेल तर अर्धं पुस्तक हातातून गेलं.

मोट म्हणजे चामड्याची मोठी पिशवी. तिच्या खालच्या बाजूला सोंडेसारखी निमुळती नळी असते. पिशवीच्या तोंडाला जाड दोर बांधलेला, तो नाडा. तो विहिरीच्या काठावर उंच बसवलेल्या चाकावरून जातो. सोंडेच्या टोकाला बारीक दोर, तो सोंदूर. तो खाली काठाशी आडव्या फिरणाऱ्या लाकडी रुळावरून जातो. दोन्ही दोर शेवटी बैलांच्या जुवाला. विहिरीपासून उतरती केलेली वाट म्हणजे धाव. बैल धावेवरून खाली चालत गेले की मोट वर येते. वर येताना सोंदूर सोंडेचं टोक उचलून धरतो, म्हणून पाणी सांडत नाही. काठाशी पोचल्यावर सोंड रुळावरून पुढं ओढली जाते आणि थारोळ्यात रिकामी होते. थारोळ्यातून पाणी पाटानं रानात. मग बैलांनी पाठमोरं चढून पुन्हा विहिरीशी यायचं. खरी शिकवण इथं लागते: पुढं ओढणं कुठलाही बैल शिकतो, ओळीत मागं सरकणं सगळ्यांना जमत नाही. खाली जाताना मोटकरी नाड्यावर बसतो, त्याच्या वजनाची बैलांना मदत होते.

बिघडतं काय? सोंदूर सैल राहिला तर सोंड लोंबते आणि बरंचसं पाणी वाटेतच विहिरीत परत जातं. चामडं तेलपाण्याविना सुकलं तर तडकतं. नाडा झिजून तुटला तर मोट विहिरीत आणि बैल धावेवर तोंडावर. दोर वळणारा मांग, मोट शिवणारा चांभार, चाक दुरुस्त करणारा सुतार यांतला एक जरी वेळेवर आला नाही तरी पाणी थांबतं. बलुत्यावरून, म्हणजे या कारागिरांना सुगीत धान्यात द्यायच्या मोबदल्यावरून, गावात होणारी भांडणं एवढी कडवी का, याचं एक कारण हे.

आता आकडे. मोट दीडशे लिटरची धरू, आणि एका फेरीला दीड मिनिट. तासाला 40 फेऱ्या, म्हणजे 6,000 लिटर. सकाळचे सहा तास मोट चालली तर 36,000 लिटर. एक गुंठा म्हणजे सुमारे 101 चौरस मीटर. त्यावर पाच सेंटिमीटर पाणी उभं करायला 5,000 लिटर लागतात. म्हणजे एका सकाळीत जेमतेम सात गुंठे, तेही पाटात काहीच मुरलं नाही असं मानलं तर. चाळीस गुंठ्यांचा एकर भिजायला सहा दिवस. उन्हाळ्यात उसाला आठ-दहा दिवसांनी पाणी हवं. दीड एकर ऊस असेल तर शेवटची सरी भिजेपर्यंत पहिली सुकलेली असते. संध्याकाळची मोट धरली तरी हात थोडाच मोकळा होतो. मोट थांबतच नाही.

शिवाय या यंत्राला दोन माणसं लागतात. एक धावेवर, दुसरा रानात दारं धरायला. दारं धरणं म्हणजे एक सरी भरली की तिचं तोंड चिखलानं बंद करायचं आणि पुढच्या सरीचं उघडायचं. ताकद फार लागत नाही, लक्ष लागतं. पोरगं झोपलं, पुस्तकात रमलं किंवा बेडकामागं पळालं की बांध फुटतो आणि पाणी भिजलेल्या रानात नाहीतर शेजाऱ्याच्या वावरात. गेलेलं पाणी म्हणजे बैलांची तासाभराची ताकद. त्यानंतर बसणारा मार वाचताना अंगावर काटा येतो, पण तो कशाबद्दल बसला हे कळलं म्हणजे प्रसंग नीट दिसतो. दारं धरायला मजूर लावला तर रोज, म्हणजे दिवसाची मजुरी, द्यावी लागते. पोरगा फुकट आहे.

बापाच्या अटी

या गणितासमोर 'झोंबी'तला तो प्रसिद्ध प्रसंग ठेवून पाहा. शाळा सुटलेला मुलगा आईला घेऊन गावातल्या वजनदार देसायांकडे जातो. देसाई बापाला बोलावून दामटतात. बाप पोराला शाळेत पाठवायला कबूल होतो, पण अटी घालून: दिवस उगवताना रानात हजर व्हायचं, अकरापर्यंत पाणी पाजायचं, तिथून शाळेत जायचं, शाळा सुटली की दप्तर टाकून पुन्हा रानात येऊन तासभर गुरं चारायची, आणि रानात काम जास्त असेल त्या दिवशी शाळा नाही.

वरवर हा बापाचा हटवादीपणा वाटतो. पण अटींच्या वेळा मोटेच्या वेळा आहेत. बैल उन्हात मोट ओढत नाहीत, म्हणून ती पहाटे धरतात आणि ऊन तापलं की सोडतात. बापानं पोराला दिले ते बैलांच्या विसाव्याचे तास.

याच भागात बाप गुऱ्हाळ सगळ्यांच्या आधी लावतो, कारण बाजारात गूळ कमी असताना भाव चांगला मिळतो. इतर शेतकरी ऊस थोडा जास्त दिवस उभा ठेवतात, कारण पक्का ऊस जास्त गूळ देतो. ढोबळ मानानं शंभर किलो उसाला दहा किलो गूळ. कोवळ्या उसात साखर कमी आणि पाणी जास्त, म्हणून उतारा घटतो, काहिलीखाली जळण जास्त लागतं आणि गूळ मऊ पडतो. दोन्ही बाजू शेतीच्या दृष्टीनं बरोबर आहेत. फरक पडतो तो कर्जाचा: ज्याला पैसे आजच हवेत तो कोवळा ऊस गाळतो. आणि गुऱ्हाळ आधी संपलं म्हणजे घरात हातही आधी मोकळे झाले. पोराच्या शाळेची फट यातूनही उघडते.

जमीन स्वतःची नसणं हा त्याहून मोठा मुद्दा. कुळाला मालकाला खंड द्यायचा, कोल्हापूरकडे त्याला फाळा म्हणतात. काही ठिकाणी तो पिकाचा वाटा असतो, काही ठिकाणी ठरलेली रक्कम किंवा ठरलेलं धान्य. ठरलेला फाळा जास्त जाचक, कारण पीक बुडालं तरी तो बुडत नाही. 1948 चा मुंबई कूळवहिवाट कायदा आणि 1 एप्रिल 1957 चा कृषक दिन यांनी कसणाऱ्याला जमिनीचा मालक करायची वाट उघडली. पण त्याच भीतीनं अनेक मालकांनी आधीच कुळं उठवली किंवा बदलत ठेवली. या काळातल्या पुस्तकांत बाप मालकाच्या दारात जाताना एक माणूस असतो आणि घरात येताना दुसरा. बाहेर वाकलेली मान घरात बायकापोरांवर ताठ होते. कुळाच्या घरातलं बाप्येपण समजून घ्यायचं असेल तर हे दोन प्रसंग शेजारी शेजारी ठेवून वाचावेत.

हिशेब समजला म्हणून बाप निर्दोष ठरत नाही. 'झोंबी'त देसाई त्याला झापतात ते नेमकं यासाठी, की स्वतः गावात हिंडतोस आणि पोराला रानात जुंपतोस. कष्टाची मोजणी करणारा बाप स्वतःचे कष्ट त्या मोजणीतून वगळतो. पुस्तकाची ताकद इथं आहे: लेखक बापाचं अर्थकारण पूर्ण मांडतो आणि त्याला सूटही देत नाही.

पोराचा गडी कसा होतो

कामांना चढती भाजणी असते. सहा-सात वर्षांचं पोर धाकटं भावंड सांभाळतं, शेणी गोळा करतं, रानात न्याहारी पोचवतं. मग शेरडं, नंतर म्हशी. शेरडं आधी का? म्हैस एकदा उसात घुसली तर नुकसान मोठं आणि तिला बाहेर काढायला अंगात जोर हवा. जोंधळा दाण्यात आला की पाखरं राखायला गोफण घेऊन माळ्यावर. कणसात चीक भरल्यापासून काढणीपर्यंत, पहाटे आणि संध्याकाळी, कारण पाखरं त्याच वेळी उतरतात. हे दिवस शाळेच्या हजेरीपटावर शून्य दिसतात.

दहा-बाराव्या वर्षी पोर औताशी येतं, तेही आधी वजन म्हणून. कुळवाची पास, म्हणजे त्याचं लोखंडी पातं, जमिनीत बसावी म्हणून त्याला दिंडावर, कुळवाच्या आडव्या लाकडावर, बसवतात. मोठ्या लोखंडी नांगराला दोन-तीन बैलजोड्या लागतात, तिथं पुढच्या जोडीवर पोर बसवून हाकायला लावतात. किर्लोस्करांचे लोखंडी नांगर 1903 पासून यायला लागले. खोल नांगरट त्यांनी सोपी केली, पण जड जमिनीत जास्त बैल मागितले, आणि जास्त बैल म्हणजे जास्त पोरं.

स्वतःच्या हातात रुमणं, म्हणजे नांगराची मूठ, येतं ते पंधरा-सोळाच्या आसपास. आणि सगळ्यात शेवटी पेरणी. नांगरटीत चूक झाली तर कुळवून निस्तरता येते. पेरणीत पाभरीच्या, म्हणजे पेरायच्या औताच्या, चाड्यावरची (बी सोडायच्या वाडग्यावरची) मूठ चुकली, एका नळीत बी अडकलं, पाभर खोल गेली, तर ती चूक आठ-दहा दिवसांनी उगवते आणि सुगीपर्यंत रस्त्यानं जाणाऱ्या प्रत्येकाला दिसते. म्हणून म्हातारा बाप नांगर पोराकडं सोडतो, पण पाभर सोडत नाही. एखाद्या पुस्तकात बापानं पहिल्यांदा पेरायला सांगितलं असेल तर तिथं थांबावं. वारसाहक्काचा कागद होतो त्याच्या कितीतरी आधी वारसा असा हस्तांतरित होतो.

मजुरीतही हीच भाजणी दिसते. गड्याचा रोज वेगळा, बाईचा कमी, पोराचा त्याहून कमी. पोर गड्याच्या रोजावर गेलं की आई कौतुकानं सांगते. बाई मात्र कितीही खुरपली तरी त्या रोजावर जात नाही. महाराष्ट्राच्या रोजगार हमी कायद्यानं (1977 चा, अंमल 26 जानेवारी 1979 पासून) कामाच्या मापावर बाईला आणि गड्याला सारखा दर दिला. म्हणून सत्तरच्या दशकानंतरच्या कथांतले खडी फोडण्याचे आणि नालाबांधाचे प्रसंग जरा वेगळे वाचावेत. तिथं नवरा-बायको एकाच मोजपट्टीखाली आलेले असतात आणि नवऱ्याला ते जाणवत असतं.

बैलाचंही इथं पाहायला हवं. शेतीला लागणारा बैल खच्ची केलेला असतो. खोंड दोन दाती, म्हणजे दोन-अडीच वर्षांचा झाला, की त्याला जुन्या, शांत बैलाच्या जोडीला जुंपून शिकवतात. चार दाती, सहा दाती करत पाचेक वर्षांत तो जुळतो, म्हणजे आठही दात पुरे होतात, आणि तेव्हा त्याची किंमत सगळ्यात जास्त असते. पूर्वी खच्ची करताना अंडाच्या शिरा ठेचत, त्याला बडवणं म्हणत. नंतर पशुवैद्याचा चिमटा आला. जे पोर हे बघत वाढतं त्याला एक गोष्ट न सांगता कळते: गावाला जोर हवा असतो, मस्ती नको असते. वयात आलेल्या मुलाचं लग्न लवकर उरकून त्याच्या गळ्यात संसार अडकवण्यामागंही तोच विचार असतो.

यादवांच्याच 'गोतावळा'त (1971) ही बाजू अजून टोकाला जाते. नारबा हा सालगडी. सालगड्याचा करार पाडव्याला सुरू होऊन पाडव्याला संपतो. ठरलेली रक्कम, धान्य, कपडे, वहाणा असा मोबदला, आणि बदल्यात चोवीस तासांची हजेरी. नारबाला कसब सगळं येतं, पण जमीन नाही, लग्न नाही. मळ्यातली जनावरं हाच त्याचा गोतावळा. मळ्यात ट्रॅक्टर येतो, जनावरं जातात आणि त्याचं सगळं कसब एकाएकी बिनकामाचं होतं. गडी होण्याच्या सगळ्या परीक्षा तो पास आहे, तरी गावाच्या लेखी तो पुरा बाप्या नाही. कसबाइतकंच जमिनीला आणि चुलीला वजन असतं, हे या छोट्या कादंबरीइतकं स्वच्छ क्वचितच कुठं दिसतं.

तालीम आणि खुराक

गावच्या पुरुषपणाचं चित्र म्हटलं की लोकांना तालीम आठवते. कोल्हापुरात शाहू महाराजांनी कुस्तीला राजाश्रय दिला, 1912 मध्ये खासबाग मैदान उभं राहिलं, आणि गावोगावी तालमी झाल्या. हौदातली तांबडी माती चाळून तिच्यात तेल, ताक, हळद, लिंबू, कापूर घालतात. घाम आणि तेल मुरून माती मऊ राहते. तिची निगा राखली नाही, पाणी कमी पडलं तर ती दगडासारखी होते आणि गुडघे सोलून काढते. पहाटे शेकड्यांनी जोर, मग बैठका, मग वस्तादासमोर लढत.

पण तालमीची खरी किंमत खुराकात असते. दूध, तूप, बदाम यांच्याशिवाय एवढी मेहनत केली तर पोर तयार होण्याऐवजी खंगतं. आणि गरीब घरात म्हैस असली तरी दूध रतिबाला जातं. म्हैस राखणाऱ्या पोराच्या वाट्याला तिचं ताक. म्हणून पुस्तकांत तालमीत टिकणारी पोरं बघा: बहुतेक वेळा ती जमीनवाल्यांची असतात, किंवा कुणीतरी पोसलेली. बाकीच्यांची कुस्ती जत्रेतल्या रेवड्या-नारळावर थांबते.

व्यंकटेश माडगूळकरांच्या 'बनगरवाडी'त (1955) तालमीचं वेगळंच काम आहे. औंध संस्थानातल्या धनगरांच्या वाडीवर आलेला कोवळा मास्तर गावाला कामाला लावून तालमीची इमारत उभी करतो आणि तिच्यासाठी खुद्द राजे येतात. औंधचे राजे पंतप्रतिनिधी सूर्यनमस्काराचे कट्टर पुरस्कर्ते होते, हे माहीत असलं तर मास्तरानं तालीमच का बांधायला घेतली हे लक्षात येतं. त्यानंतर दुष्काळ पडतो, मेंढरं मरतात, वाडी उठून जाते. ही वाडी ज्या कोरड्या माणदेशातली, तिथं पाचशे मिलिमीटर पाऊससुद्धा भरवशाचा नाही. तिथं बाप्याची परीक्षा आखाड्यात होत नाही, कळप जगवण्यात होते.

अंगपिंडाचा पैलवान आणि समाजाचं 'पुरुष' असणं यांची फारकत पाहायची तर यादवांची 'नटरंग'. तमाशा उभा करायचा तर नाच्या, म्हणजे बायकी हावभाव करून नाचणारा पुरुष, लागतो, म्हणून पिळदार देहाचा गुणा नाच्या होतो, आणि ज्या गावानं त्याचं अंग वाखाणलं तेच त्याला हिणवतं. राजन गवस यांच्या 'भंडारभोग'मध्ये यल्लम्माला सोडलेला जोगत्या आहे. तिथं तर पोराला निवडच नसते. ही दोन पुस्तकं लागोपाठ वाचली तर चांगलं, कारण एकात लुगडं कलेसाठी नेसलं जातं आणि दुसऱ्यात देवीच्या नावानं नेसवलं जातं.

ज्यांना रानच नव्हतं

आतापर्यंतचा सगळा हिशेब औत असलेल्या घरांचा. गावकुसाबाहेरच्या पोराची भाजणी वेगळी असते. दया पवारांचं 'बलुतं' (1978), प्र. ई. सोनकांबळे यांचं 'आठवणींचे पक्षी' (1979), लक्ष्मण माने यांचं 'उपरा' (1980), शरणकुमार लिंबाळे यांचं 'अक्करमाशी' (1984), लक्ष्मण गायकवाडांचं 'उचल्या' (1987) ही पुस्तकं 'ग्रामीण' या कप्प्यात ठेवली जात नाहीत, पण गावच्या पोरपणाबद्दल ती जे सांगतात ते कुळाच्या पोराला ठाऊकही नसतं.

वतनी महाराच्या घरात येसकराची, म्हणजे गावच्या राबत्या नोकराची, पाळी असे: गावकीची कामं, निरोप पोचवणं, मेलेली जनावरं ओढणं, आणि त्याबदल्यात घरोघर भाकरी. 1958 च्या कायद्यानं ही वतनं रद्द झाली. त्याआधीच्या बालपणांत पोर बापाबरोबर भाकरी मागायला जातं आणि बाप गावासमोर कसा उभा राहतो ते बघतं. कुणब्याचं पोर बापाला रानात नांगरताना बघून शिकतं. हे पोर बापाला हात पसरताना बघतं. त्यामुळं या पुस्तकांत बापाशी झगडा असला तरी त्याचं मूळ निराळं: बाप फार दांडगा आहे ही तक्रार नसते, गावानं त्याला दांडगा होऊच दिलं नाही ही असते. 'अक्करमाशी'त तर शाळेत बापाचं नाव काय लावायचं इथूनच अडतं. जमीन, नाव, जात सगळंच बापाकडून येतं अशा गावात ज्याला बापाचं नाव नाही त्यानं मोठं कसं व्हायचं? 'उपरा'तल्या कैकाड्याच्या पोराला गावच नाही. फोक, म्हणजे लवचीक फांद्या, तोडायचे, टोपल्या विणायच्या, गाढवावर बिऱ्हाड टाकून पुढं जायचं.

शाळेचा अर्थही इथं बदलतो. जुन्या मुंबई इलाख्यात सातवीची व्हर्नाक्युलर फायनल पास झालं की प्राथमिक मास्तर होता येई. कुणब्याच्या घराला ही नोकरी म्हणजे शेतीला जोड वाटे, दलित पोराला गावातून बाहेर पडायची एकमेव वाट. कर्मवीर भाऊराव पाटलांनी 1919 मध्ये काढलेली रयत शिक्षण संस्था आणि तिची कमवा-शिका पद्धत या पुस्तकांच्या पिढीच्या पाठीशी उभी आहे. वसतिगृहात राहून स्वतःच्या कष्टावर शिकता आलं तर घरच्या मोटेचा हिशेब तोडता येतो.

शिकल्यावर काय

पुढच्या पिढीची पुस्तकं इथंच खट्टू होतात. सदानंद देशमुखांच्या 'बारोमास'मधला (2002, साहित्य अकादमी 2004) एकनाथ एम.ए., बी.एड. आहे. मास्तरकीसाठी संस्थेला पैसे द्यायला हवेत, ते नाहीत; म्हणून तो बापाच्या कोरडवाहू रानात परत आलाय. अर्धवट शेतकरी, अर्धवट शिकलेला. बायको माहेरी निघून जाते. सालगडी नारबाला जमीन नव्हती म्हणून संसार नव्हता. एकनाथला जमीन आहे, पदवी आहे, तरी संसार टिकत नाही. शेतकरी नवरा नको म्हणणाऱ्या मुली आणि तिशी उलटलेली बिनलग्नाची पोरं हा आज गावोगावचा विषय आहे. कापसाचा भाव आणि लग्नाचा बाजार यांचं नातं देशमुखांनी तेव्हाच मांडलं होतं. जतच्या कोरड्या भागातून आलेल्या नवनाथ गोरे यांच्या 'फेसाटी'ला 2018 चा युवा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. 'झोंबी'नंतर तीस वर्षांनी आलेलं ते पुस्तक वाचताना दिसतं की मोट गेली, पण शिकणाऱ्या पोराला कामाला जुंपणारी ओढाताण तशीच आहे.

एक गोष्ट मात्र जवळजवळ सगळ्या पुस्तकांत कडेला पडते: बहिणी. पोरगा शाळेत गेला तेव्हा त्याच्या वाटचं दारं कुणी धरलं? धाकटी भावंडं कुणी घेतली? शेण कुणी काढलं? बारकाईनं वाचलं तर उत्तर पानावर असतं, एखाद्या वाक्यात. आईची बाळंतपणं मोजून ठेवा, तिच्या पाठीमागचं खुरपणं मोजा. लेखकानं हिशेब मांडलेला नसला तरी आकडे दिलेले असतात.

वाचताना

कुठल्या भागातलं पुस्तक आहे ते आधी पाहावं. कागलचं बागायत, माणदेशाचं माळरान, बुलढाण्याचं कोरडवाहू कापूस-ज्वारीचं रान ही एकच 'खेडी' नव्हेत. पाणी असेल तिथं पोर बारमाही अडकतं. कोरडवाहूत कामाचे महिने मोजके, पण दुष्काळात घरच उठून जातं. सणांवरूनही ठिकाण ओळखता येतं: दक्षिण महाराष्ट्रात बैलांचा सण बेंदूर, ज्येष्ठ-आषाढात, इतरत्र पोळा, श्रावण अमावास्येला. बोली अडली तर मोठ्यानं वाचावं, डोळ्यांना न कळलेला शब्द कानाला कळतो. सुरुवात 'झोंबी'नं करावी, तिच्या पाठोपाठ लगेच 'बलुतं' घ्यावं, आणि 'नांगरणी'कडे त्यानंतर वळावं. सलग चार भाग वाचले तर कागल म्हणजेच गाव असं वाटू लागतं, आणि मग 'उपरा' परक्या देशातलं वाटतं. ते चाळीस-पन्नास कोसांवरचंच आहे.